इनॉकचा उजवा हात

ब्रॅकनशॉ, लँकशर
रविवार, ६ सप्टेंबर १९२५

लूथर,

तुला 'प्रिय' लिहावं की नाही, या विचारात माझा अर्धा कप चहा थंड झाला. शेवटी नुसतं नाव लिहिलं. गेल्या वर्षी सीझनला आठवडा उरला असताना तू लिव्हरपूलहून बोट पकडलीस आणि तुझ्या सख्ख्या भावाला ते सरावाच्या मैदानावर परक्यांच्या तोंडून कळलं. तेव्हापासून या घरात तुझं नाव निघत नाही. तुझ्या खुर्चीवर मात्र बाबा कुणाला बसू देत नाहीत. तुझी पत्रं इनॉक न फोडताच चुलीत घालतो. मी लिहितेय हे दोघांनाही ठाऊक नाही, म्हणून उत्तर माझ्या नावाने गिरणीच्या पत्त्यावर पाठव.

उत्तर पाठवच. माझं तुझ्याकडे काम आहे, नाहीतर मी कशाला शाई खर्च केली असती.

ऑफसाइडचा नियम बदललाय. तिकडे अमेरिकेत, फॉल रिव्हरलाही कळलं असेल. बाबांना ते कळेना. 'हेस्टर, मला नीट समजावून सांग,' म्हणाले. मी टेबलावर मांडामांड केली. किटली म्हणजे आपला गोलकीपर. साखरेचं भांडं म्हणजे मागे राहणारा बॅक, म्हणजे तू, पण बाबांसमोर मी तसं म्हटलं नाही. मिठाची बाटली म्हणजे इनॉक. आणि मोहरीची बरणी म्हणजे त्यांचा सेंटर-फॉरवर्ड, गोल करायला टपलेला. आजवर चेंडू दिला जाताना मोहरी आणि गोल यांच्यामध्ये आपली तीन माणसं असावी लागत. मग इनॉक काय करायचा? ऐन वेळी दोन पावलं पुढे सरकायचा. मोहरी त्याच्या पाठीमागे पडायची, तिच्यासमोर उरायची किटली आणि साखर, दोघंच. शिट्टी! ऑफसाइड!

'आणि आता?' बाबांनी विचारलं.

'आता दोन पुरतात, बाबा.'

बाबांनी मिठाची बाटली बोटाने पुढे सरकवली. 'म्हणजे इनॉक पुढे सरकला तर काहीच होत नाही?'

'होतं ना. मोहरीला मोकळी वाट मिळते.'

काल आपल्या मैदानावर तेच झालं. लूथर, तू मागे राहायचास, तो पुढे सरकायचा आणि उजवा हात वर करायचा, आणि शिट्टी वाजली की नाही हे वळूनसुद्धा बघायचा नाही. सगळी लीग तुम्हा दोघांच्या नावाने बोटं मोडायची. काल त्याने दोनदा हात वर केला आणि दोन्ही वेळा त्याच्या पाठीमागे गोल झाला. पंचाने हसू लपवायला मिशीवरून हात फिरवला, ते मी पाहिलं. सामन्यानंतर इनॉक म्हणाला, 'सवय आहे, जाईल.' त्याच्या आवाजावरून मला वाटलं, नाही जाणार.

म्हणून माझं काम ऐक. तू खेळतोस त्या गिरणीच्या संघाला बॅक हवा आहे का, ते विचार. इथल्या क्लबाने सोडल्याशिवाय इनॉकला लीगमधल्या दुसऱ्या कुठल्याही क्लबात पाय ठेवता येत नाही. ते तुला चांगलं माहीत आहे, त्यासाठीच तर तू समुद्र ओलांडलास. मे महिन्यात क्लब ठरवेल त्याचं काय करायचं ते. त्याच्या आत त्याला बोलावून घे. तो तुझ्या नावाने कितीही थुंकला तरी येईल. त्याला खेळण्याशिवाय दुसरं काही येत नाही, आणि आता तेही येईनासं झालंय.

हेस्टर

*

रविवार, २५ ऑक्टोबर १९२५

लूथर,

सात आठवडे झाले. टपालाची बोट बुडाल्याचं कुठे वाचलं नाही, म्हणजे पत्र पोचलं असणार. ठीक आहे. तू तोंडाला कुलूप लाव, मी लिहितच राहणार.

आपल्याकडे पाहुणा आलाय. क्लबाचे अध्यक्ष ऑर्मरॉडसाहेब स्वतः दारात उभे राहिले, हॅट हातात घेऊन. 'मिस गारसाइड, तुमच्याकडे लूथरची खोली रिकामीच असेल ना? आम्ही डरहॅमहून एक पोरगा आणलाय. घरचं अन्न मिळालं तर बरं होईल.' ज्यांच्या गिरणीत मी चार माग सांभाळते आणि ज्यांच्या क्लबात माझा भाऊ खेळतो, त्यांना नाही कसं म्हणायचं? तेव्हा नॉर्मन टिंडल नावाचा लांबटांग्या तुझ्या पलंगावर झोपतो. कुठे खेळतो विचार. राइट-बॅक! इनॉकची जागा घ्यायला आणलेल्या माणसाला इनॉकच्याच घरी मी वाढते. क्लबात ही पद्धतच आहे म्हणे, कुणाला त्यात काही वाटत नाही.

पहिल्या संध्याकाळी तो नेमका तुझ्या खुर्चीवर बसला. बाबा म्हणाले, 'ऊठ.'

'कुठं बसू मग?'

'ती सोडून कुठंही.'

दुसरी खुर्ची जवळ नव्हती, तर त्या वेड्याने उभ्यानेच मटण-बटाट्याचं सगळं हॉटपॉट संपवलं, वर 'अजून आहे का?' म्हणून विचारलं. इनॉक हसायला लागला. ऑगस्टनंतर पहिल्यांदा हसला तो. मला त्या पोराचा राग धरायचा होता, पण त्या दिवशी राहून गेलं.

इनॉकचं सांगते. ट्रेनर जेबेझने त्याच्यावर उपाय काढलाय. सरावाला त्याचा उजवा हात पट्टीने कमरेला बांधून टाकतो. हात बांधलेला असला की इनॉक फार छान खेळतो, जेबेझ शपथेवर सांगतो. मागे हटतो, वाट अडवतो, नव्या नियमाला धरून सगळं करतो. पट्टी सोडली की दहा मिनिटांत हात वर आणि पाय पुढे. 'हात बांधून मैदानात उतरायला परवानगी असती तर मी याला इंग्लंडच्या संघात घातला असता,' असं जेबेझ म्हणतो. म्हातारा विनोद करत नव्हता, त्याच्या डोळ्यांत पाणी होतं.

मागच्या गल्लीत इनॉक रोज संध्याकाळी नॉर्मनला शिकवतो. कुणी सांगितलं नव्हतं. मी भांडी घासताना ऐकते. 'तू मागं राहा, मी पुढं... नाही, थांब. दोघांनीही मागंच राहायचं. बरोबर?' नॉर्मन म्हणतो, 'बरोबर.' मग पुन्हा पहिल्यापासून.

परवा शुक्रवारी न्हाव्याच्या खिडकीत संघाची यादी लागली. राइट-बॅक, टिंडल. घरी आले तर दोघे जेवायला बसलेले, बातमी दोघांनाही कळलेली. नॉर्मनचा घास तोंडात फिरत होता. 'इनॉक, मी सांगू का त्यांना, पोटात दुखतंय म्हणून?'

'दुखतंय का?'

'नाही.'

'मग खा गप.'

लूथर, एखादं माणूस वाईट असतं तर मला भांडता आलं असतं. इथे सगळे चांगलेच आहेत आणि माझ्या भावाचा जीव जातोय. मी कोणाशी भांडू?

हेस्टर

*

रविवार, १० जानेवारी १९२६

लूथर,

मी मिसेस एन्टविसलला छत्रीने मारलं. हे तुला दुसऱ्या कुणाकडून कळण्याआधी मीच सांगते.

नाताळानंतर बर्फात नॉर्मनचा घोटा मुरगळला आणि कपच्या सामन्याला इनॉकला घ्यावं लागलं. समोर पहिल्या डिव्हिजनचा संघ, सगळं गाव मैदानावर. बाबा खोकत होते, तरी 'मला न्या' म्हणून हटून बसले. त्यांना शेजारणीवर सोपवून मी गेले. नॉर्मन पायाला पट्टी बांधून माझ्या बाजूला बसला होता.

इनॉकने उजव्या मुठीत चड्डीची कड घट्ट धरली होती. पहिल्या मिनिटापासून. धावताना, चेंडू मारताना, पडताना, मूठ सुटली नाही. तसं एका हाताने धावणं किती कठीण असतं ते करून बघ. लोकांना वाटलं, त्याच्या कमरेत लचक भरलीय. मला ठाऊक होतं. नॉर्मनलाही. तो सारखा पुटपुटत होता, 'सोडू नकोस, सोडू नकोस.' आणि काय सांगू, तो इतका सुंदर खेळला! त्यांच्या त्या नावाजलेल्या सेंटर-फॉरवर्डला त्याने जागचं हलू दिलं नाही. खेळ संपत आला तरी एकही गोल नाही. मी देवाला म्हटलं, एवढं एकदा पार पडू दे, पुढच्याचं पुढे बघू.

मग त्यांच्या हाफबॅकने लांब चेंडू उचलला. चेंडू हवेत होता तेव्हाच मला दिसलं. इनॉकची मान ताठ झाली. मूठ सुटली. दोन पावलं पुढे, उजवा हात आभाळात. आणि तो तसाच उभा. त्याच्या बाजूने त्यांचा गडी चालत म्हणावा इतक्या आरामात गेला आणि गोल करून आला. इनॉक शिट्टीची वाट बघत अजून हात वर करून उभा होता.

मग एकाने हात वर केला. मग दुसऱ्याने. बघता बघता अख्ख्या मैदानाने उजवा हात वर केला, आपली माणसं, लूथर, आपल्या गल्लीतली, आपल्या मागावरची, आणि सगळी खो खो हसत होती. मिसेस एन्टविसल माझ्या पुढच्या रांगेत हात हलवत म्हणाली, 'अगंबाई, बघ गं, आता तरी शिट्टी वाजेल!' त्या बाईच्या बाळंतपणात रात्र रात्र मी तिच्या उशाशी बसलेय. मी छत्री हाणली. दांडा मोडला. दुसऱ्यांदा हाणणार तेवढ्यात नॉर्मनने माझा हात धरला, आणि घरी येईपर्यंत सोडला नाही. मी परत मारीन या भीतीने.

घरी इनॉकने बूट काढले, धुतले, चुलीपाशी ठेवले. जेवला. मग स्वतःचा उजवा हात टेबलावर ठेवून त्याच्याकडे बघत बसला. 'हेस्टर, चेंडू उडाला तेव्हा मला सगळं माहीत होतं. नियम माहीत होता. आता हात वर जाणार हेही माहीत होतं. आणि मी नुसता बघत होतो.'

मी त्याच्या कपात चहा ओतला, कप भरलेला आहे हे न बघता. सगळा टेबलावर सांडला.

तू उत्तर का देत नाहीस? त्याला इथून ने. लाज वाटत असेल तर नुसतं 'ये' एवढंच लिही.

हेस्टर

*

रविवार, १६ मे १९२६

लूथर,

देशभरच्या संपामुळे रेल्वे बंद होती, टपाल अडकलं होतं. बुधवारी संप संपला, खाणवाले तेवढे अजून कामावर परतले नाहीत, कोळशाचा पत्ता नाही. शुक्रवारी तुझं पत्र हातात पडलं. आठ महिन्यांनी! मी ते गिरणीच्या जिन्यात उभ्याने वाचलं आणि तिथेच पायरीवर बसले.

आधी क्लबाचं सांगते. पुढच्या सीझनला कुणाला ठेवायचं, कुणाला सोडायचं, ती यादी लागली. इनॉकला ठेवलंय. ठेवलंय म्हणजे काय ते तुला सांगायला नको. खेळवणार नाहीत, सोडणारही नाहीत. कुणी मागितला तर त्याच्या डोक्यावर अशी किंमत लावलीय की कुणी मागणार नाही, आणि तोवर पगार बंद. मी ऑर्मरॉडसाहेबांच्या ऑफिसात गेले. म्हटलं, 'साहेब, तुम्हाला तो नको आहे ना? मग जाऊ द्या त्याला.' ते म्हणाले, 'हेस्टर, इनॉक आमचा माणूस आहे. आमच्या माणसाला आम्ही असं फुकट कसं देऊन टाकू?' आणि मायेने म्हणाले हं. वर त्याला गोदामात गाठोडी उचलायचं काम दिलं. सोमवारपासून तो जातोय.

म्हणजे आता तुझाच एक दरवाजा उरला होता, आणि तो उघडा की बंद ते तुझ्या पत्रात होतं. म्हणून तुझं पत्र मी इनॉकला वाचून दाखवायचं ठरवलं. चिडला तर चिडू दे, म्हटलं. संध्याकाळी बाबा आणि नॉर्मन समोर असतानाच मी म्हणाले, 'लूथरचं पत्र आलंय.' इनॉक उठला नाही, 'चुलीत घाल' म्हणाला नाही. पावाला लोणी लावत राहिला. मी वाचलं.

तू लिहिलंयस तसंच सगळं वाचलं. की तिकडेही तोच नियम लागू झाला. की तू पहिल्यासारखा मागे थांबतोस आणि पुढचा कुणीतरी दोन पावलं सरकेल, हात वर करेल, याची वाट बघतोस. कुणी सरकत नाही. सगळे ओरडतात, 'गारसाइड, पुढे ये!', तुला ऐकू येतं, समजतं, आणि पाय जमिनीला खिळतात. की ऑक्टोबरातच त्यांनी तुला संघातून काढलं, आता तू तिथल्या गिरणीत पिंजणखात्यात आहेस, धुळीने खोकतोस, आणि तुझ्या शब्दावर कुणी साधा चेंडू उचलून आणायला माणूस ठेवणार नाही. की लाजेपायी इतके दिवस लिहिलं नाहीस.

वाचून झालं. बाबांनी डोळे पुसले आणि खोकल्याचं निमित्त केलं.

इनॉक म्हणाला, 'गाढव आहे. आता त्यानं पुढं यायला पाहिजे.'

'आणि तू?' नॉर्मनने विचारलं.

'मी मागं राहायला पाहिजे.' त्याने पावाचा तुकडा तोडला. 'तो काय काम करतो म्हणालीस?'

'पिंजणखात्यात.'

'त्याची छाती लहानपणापासून नाजूक आहे. त्याला सांग, तोंडाला फडकं बांध म्हणावं.'

दोन वर्षांनी तुझ्याबद्दल तो एवढं बोलला. ते तुला पोचवलं. तोंडाला फडकं बांध.

आणि पत्राच्या शेवटी तू विचारलंयस, हा नॉर्मन नक्की कोण, दर दोन ओळींनी का येतो. तुला पंचाईती कशाला? त्याला पुढच्या सीझनलाही ठेवलंय, खेळायला ठेवलंय. यादी लागली त्या संध्याकाळी मी परसात जाऊन रडले, आणि ते कुणाकरता रडले हे मला अजून सांगता येत नाही.

हेस्टर

*

मंगळवार, २५ मे १९२६

लूथर,

काल व्हिट मंडेची सुट्टी आणि जत्रा झाली. मुलांची मिरवणूक, बँड, आणि मग आपले चॅपेलवाले विरुद्ध चर्चवाले हा आपला दरवर्षीचा सामना. गोलाच्या जागी कोट टाकलेले, पंच म्हणून आपले रेव्हरंड सग्डेन. नॉर्मन चर्चवाल्यांकडून, हौसेने पुढे खेळत होता. इनॉक येणार नाही असं मला वाटलं होतं. तो आला. गोदामातले बूट घालून आला.

सगळे त्याच्याशी फार गोड वागत होते. मिसेस एन्टविसलने त्याला स्वतःच्या हाताने लेमोनेड दिलं. मला वाटलं, यापेक्षा हसलेले परवडले.

आणि व्हायचं तेच झालं. चर्चवाल्यांनी लांब चेंडू टाकला, इनॉक दोन पावलं पुढे, हात वर. नॉर्मन त्याच्या मागून सुटला. मला वाटतं, गोल मारूच नये असं नॉर्मनच्या मनात होतं, पण बाहेर मारण्याइतका वेळ मिळाला नाही आणि चेंडू कोटांमधून गेला.

आणि शिट्टी वाजली.

'ऑफसाइड!' रेव्हरंड सग्डेन ओरडले. 'वा, इनॉक! पहिल्यासारखाच!'

म्हाताऱ्याला नियमाचं कळलंच नव्हतं. बायबल आणि बियाण्यांची जाहिरात यापलीकडे तो काही वाचत नाही. मैदानावरच्या प्रत्येकाला माहीत होतं की तो गोल आहे. कुणी चकार शब्द काढला नाही. ना चर्चवाल्यांनी, ना पोरांनी. नॉर्मन मुकाट्याने चेंडू घेऊन आला आणि फ्री-किकसाठी इनॉकच्या पायापाशी ठेवला. कपच्या दिवशी हसलेली हीच माणसं काल श्वास धरून उभी होती. मी मनात म्हणत होते, घे रे, इनॉक. एवढा एक घे. कुणाचं काही जात नाही.

त्याचा हात अजून वर होता. चेहरा असा झाला होता जसा तुम्ही दोघं खेळायचात तेव्हा व्हायचा. किती वेळ तो तसा होता मला सांगता येत नाही. मग त्याने हात खाली घेतला, डाव्या हाताने धरून, एखाद्या पोराचा हात धरून खाली आणावा तसा.

'गोल आहे, रेव्हरंड,' तो म्हणाला. 'नियम बदललाय.'

'बदलला? कधी?'

'गेल्या उन्हाळ्यात.'

'मला कुणी सांगितलंच नाही,' म्हातारा बिचारा लाल झाला.

'मला सांगितलं होतं,' इनॉक म्हणाला.

आणि मग, लूथर, तो वळला. इतकी वर्षं मी त्याला खेळताना पाहतेय, हात वर केल्यावर त्याने कधी मागे वळून पाहिलं नाही. काल पाहिलं. तुझ्या जागी आपला किराणावाला फील्डन गुडघ्यांवर हात ठेवून धापा टाकत होता. इनॉक त्याच्याकडे बघत राहिला, फील्डनला शेवटी 'काय झालं?' म्हणून विचारावं लागलं इतका वेळ. मग त्याने चेंडू उचलला आणि मैदानाच्या मध्यावर नेऊन ठेवला.

हे मी तुला बोल लावायला लिहीत नाही. बोल लावण्यासारखं काही उरलंच नाही, तेच तर मला सहन होत नाही. सकाळपासून माझ्या डोक्यात एकच येतंय. काल तुझ्या जागी तूच असतास, अगदी पूर्वीसारखा मागे उभा असतास, तरी किटली आणि साखर, दोघं झाले असते, आणि नॉर्मन ऑफसाइड नसता.

तोंडाला फडकं बांध.

हेस्टर